दोन पत्त्यांचे कुटुंब : ओळख आणि आपलेपण या विषयावर छायाचित्रे व लघुपट कसे करावेत

ओळख आणि आपलेपण या विषयावर छायाचित्रे आणि लघुपट असे जोडीने काम करायचे असेल, तर सुरुवात पत्त्यापासून करावी. परळ, लालबाग, वरळी, नायगाव, शिवडी या गिरणगावच्या, म्हणजे मुंबईच्या जुन्या कापडगिरण्यांच्या, भागांतल्या असंख्य कुटुंबांना पिढ्यान्‌पिढ्या दोन पत्ते आहेत : एक मुंबईतल्या चाळीतला आणि दुसरा रत्नागिरी, सिंधुदुर्ग, सातारा किंवा कोल्हापूर जिल्ह्यातल्या गावाचा. या लेखात मी त्याच कुटुंबांचे उदाहरण धरून पद्धत मांडली आहे, कारण त्या चाळी आज पाडल्या जात आहेत आणि हे काम पुढे ढकलण्यासारखे राहिलेले नाही. ज्यांचे दोन पत्ते इतरत्र आहेत, त्यांनाही यातले बहुतेक सारे लागू पडेल.

कॅमेरा कशाकडे रोखायचा

‘मी कोण’ हा प्रश्न कॅमेऱ्यासमोर तसाच ठेवला, तर खिडकीत उभे राहून दूर पाहणारे चेहरे मिळतात, आणि तसे चेहरे कोणत्याही शहरातले असू शकतात. आपलेपण चेहऱ्यापेक्षा दोन घरांमधल्या व्यवहारात अधिक स्पष्ट दिसते, असे माझे ठाम मत आहे. म्हणून प्रश्नही व्यवहाराचेच विचारावेत. मनिऑर्डर कोण पाठवीत असे आणि ती गावी कोणाच्या नावाने जात असे? गणपती मुंबईच्या खोलीत बसतो की गावच्या घरात, आणि भावाभावांत त्याची पाळी कशी ठरते? गावच्या घराची घरपट्टी आज कोण भरते, किल्ली कोणाकडे असते? लग्नपत्रिकेवर कोणता पत्ता छापला जातो? आजीची मालवणी नातवंडांना कळते का? अशा प्रत्येक प्रश्नातून एखादी वस्तू, जागा किंवा कृती हाती लागते, आणि कॅमेऱ्याला टिपण्याजोगे तेच असते. पहिल्या काही भेटींत कॅमेरा पिशवीतच ठेवावा आणि हे प्रश्न वहीत उतरवून घ्यावेत.

याच टप्प्यावर एक सावधगिरी आवश्यक आहे. ‘गाव म्हणजे मूळ, मुंबई म्हणजे पोट’ ही मांडणी इतकी रुळलेली आहे की आपण नकळत प्रत्येकाकडून तेच वदवून घेतो. प्रत्यक्षात गावचे घर सर्वांना सारखे आपले वाटत नाही. गावात वाडी वेगळी, पाणवठा वेगळा असे दिवस काढून मुंबईत आलेल्या दलित कुटुंबांसाठी चाळीतली ती एक खोली हीच पहिली हक्काची जागा ठरली असेल, तर त्यांच्या भिंतीवरची बुद्ध आणि बाबासाहेब आंबेडकर यांची चित्रे हाच त्यांच्या ओळखीचा पत्ता मानावा लागेल. १९७४ च्या जानेवारीत वरळीच्या बी.डी.डी. चाळींत दलित आणि सवर्ण यांच्यात दंगल झाली होती, हे ठाऊक नसताना तिथल्या माणसांना ‘चाळीतला एकोपा’ याविषयी गोड प्रश्न विचारणे त्यांच्यावर अन्याय करणारे आहे. स्त्रियांच्या बाबतीत पत्ते दोन नसतात, तीन असतात : माहेरचे गाव, सासरचे गाव आणि मुंबईची खोली. यांपैकी कोणत्या घराविषयी त्या ‘आमचे’ म्हणतात आणि कोणत्या घराविषयी ‘त्यांचे’ म्हणतात, ते ध्वनिमुद्रण पुन्हा ऐकताना लक्षपूर्वक टिपावे. माझ्या मते सबंध कामाचा गाभा बहुधा इथेच सापडतो.

आधी वाचन

मुलाखतीपूर्वी त्या भागाचा इतिहास माहीत असावा, नाहीतर समोरचा माणूस सहज बोलून गेलेल्या गोष्टीचे महत्त्व आपल्याला कळत नाही. मुंबईतल्या पहिल्या कापडगिरणीची स्थापना कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये केली. १८ जानेवारी १९८२ रोजी कामगार नेते दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेल्या गिरणी संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले, आणि त्यांतले असंख्य पुन्हा कामावर परतू शकले नाहीत. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीनंतर (शहरातल्या बांधकामाचे नियम) गिरण्यांच्या जमिनींचे रूप पालटू लागले. भोंगा, बदली कामगार (गैरहजर कामगाराच्या जागी लावला जाणारा), साचेखाते (मागांचा विभाग), जॉबर (मुकादम), खानावळ, एकाच गावच्या पुरुषांनी मिळून भाड्याने घेतलेली गावकीची खोली, हे शब्द बोलण्यात आले की त्यांचा अर्थ न विचारता पुढचा प्रश्न विचारता आला पाहिजे.

कागदपत्रांतही इतिहास दडलेला असतो. सिंधुदुर्ग हा स्वतंत्र जिल्हा १ मे १९८१ रोजी झाला, त्यामुळे मालवण किंवा कणकवली तालुक्यातून आलेल्या कामगाराच्या जुन्या कागदांवर ‘जिल्हा रत्नागिरी’ असते आणि त्याच्या नातवाच्या कागदांवर ‘जिल्हा सिंधुदुर्ग’. हे दोन कागद एका चौकटीत शेजारी ठेवून काढलेले साधे छायाचित्र पानभर निवेदनापेक्षा अधिक सांगून जाते.

दोन कलावंतांची कामे या संदर्भात अभ्यासण्याजोगी आहेत. अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया राज्यातील ब्रॅडॉक हे पोलादाच्या कारखान्यामुळे वाढलेले आणि तो उद्योग ओसरल्यावर रिकामे होत गेलेले गाव. तिथे १९८२ मध्ये जन्मलेल्या लाटोया रूबी फ्रेझर यांनी विशीच्या उंबरठ्यापासून आपली आजी, आई आणि स्वतः यांची कृष्णधवल छायाचित्रे अनेक वर्षे काढली. त्यांनी आईला केवळ समोर बसवले नाही. अनेक छायाचित्रे दोघींनी मिळून घडवली. गिरणगावात काम करणाऱ्याने हे आवर्जून आचरणात आणावे : ज्याची गोष्ट आहे, त्याच्या हाती कॅमेरा द्यावा आणि त्याने काढलेली चित्रे त्याच्या नावाने कामात घ्यावीत. दुसरे उदाहरण झिनेब सेदिरा यांचे. अल्जीरियातून फ्रान्समध्ये आलेल्या आईवडिलांची ही मुलगी पुढे लंडनला स्थायिक झाली. २००२ मध्ये त्यांनी तीन पडद्यांवर चालणारे एक काम केले, ज्यात आई अरबी बोलते, त्या स्वतः फ्रेंच बोलतात आणि त्यांची मुलगी इंग्रजी. तिसऱ्या पडद्यावर आजी आणि नात समोरासमोर येतात, तेव्हा एकीची भाषा दुसरीला समजत नाही आणि संवाद अडखळतो. कोणत्याही निवेदनाविना तीन पिढ्यांचे स्थलांतर तिथे ऐकू येते. मालवणी बोलणारी आजी आणि इंग्रजी माध्यमात शिकणारे नातवंड ज्या घरात आहे, त्या घरात असा प्रसंग मुद्दाम घडवावा लागत नाही. दोघांना एकत्र बसवून कॅमेरा सुरू ठेवण्याचा संयम तेवढा लागतो.

संमती आणि गोपनीयता

संमती लेखी घ्यावीच, पण त्याआधी काम कुठे दाखवले जाणार आहे, ते इंटरनेटवर जाणार आहे का, आणि नंतर नको वाटले तर काय करायचे, हे सोप्या शब्दांत सांगावे. घरातल्या कर्त्या पुरुषाचा होकार हा सर्वांचा होकार धरू नये; सुनेला, मुलीला, आजीला एकेकटे गाठून विचारावे. त्यांनी नकार दिला, तर त्या चौकटीबाहेर राहतील अशी जागा आपणच शोधावी.

चाळींच्या पुनर्विकासामुळे एक नवी जोखीम निर्माण झाली आहे. खोली कोणाच्या नावावर आहे, कोण प्रत्यक्ष राहते, कोणाचा वारसाहक्क वादात आहे, यावर मोठ्या घराचा हक्क अवलंबून असतो. तेव्हा खोलीचा क्रमांक, विजेच्या बिलावरचे नाव किंवा दारावरची पाटी चित्रात येऊ देण्यापूर्वी कुटुंबाला विचारावे. गिरणीतले ओळखपत्र, हजेरीचे तिकीट, पगाराची पावती हे कागद गिरणी कामगारांच्या घरकुल योजनेत पुरावा म्हणून लागतात. ते घराबाहेर नेऊ नयेत, तिथल्या तिथे त्यांची प्रतिमा घ्यावी आणि प्रदर्शनात क्रमांक झाकावेत.

अल्बम, पत्रे, चित्रफिती

जुन्या छायाचित्रांपैकी जी कोपऱ्यांत खोचलेली असतील तीच काढावीत. चिकट पानांच्या अल्बममधली छायाचित्रे ओढून काढली तर त्यांचा थर पानाला चिकटून फाटतो, म्हणून ती पानासकट टिपावीत. कागदी छायाचित्रे ६०० डीपीआयवर (दर इंचाला ६०० बिंदू) आणि ३५ मिमी निगेटिव्ह सुमारे ३००० डीपीआयवर स्कॅन करून टिफ या दर्जा न घटवणाऱ्या फाइल-स्वरूपात जपाव्यात. स्कॅनर नसेल तर चित्र सपाट ठेवून दोन्ही बाजूंनी ४५ अंशांच्या कोनात सारखा प्रकाश द्यावा आणि कॅमेरा बरोबर वरून समांतर धरावा. चित्राची मागची बाजूही टिपायची असते, कारण स्टुडिओचा शिक्का, तारीख आणि ‘चि. बाळास’ असा मजकूर तिथेच असतो.

लग्नाच्या व्हीएचएस कॅसेटवर बुरशीचे पांढरे ठिपके दिसले, तर ती कोणत्याही यंत्रात घालू नये. फीत खराब होतेच, यंत्रही बिघडते. अशी कॅसेट साफ करून देणाऱ्या जाणकाराकडेच द्यावी. मुंबई आणि कोकणची दमट हवा पाहता मूळ छायाचित्रे हवाबंद डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसह ठेवण्याचा सल्ला कुटुंबाला जरूर द्यावा, आणि ती लॅमिनेट करू नयेत हेही सांगावे.

खोलीतले छायाचित्र

बी.डी.डी. चाळी १९२० च्या दशकात बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने बांधल्या. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथे मिळून त्यांच्या २०७ इमारती होत्या, खोली १६० चौरस फुटांची आणि शौचालये मजल्यावर सामायिक. मधोमध बंद बोळ आणि दोन्ही बाजूंना खोल्या, अशी रचना असल्यामुळे खोलीत प्रकाश जवळजवळ एकाच दिशेने, खिडकीतून येतो. फ्लॅश किंवा मोठे दिवे नेऊ नयेत. माणसाला खिडकीच्या कडेला, तिरपे बसवावे आणि अंधाऱ्या बाजूला पांढरी चादर धरावी. मांडणीवरच्या घासलेल्या भांड्यांवरूनही सुरेख प्रकाश परततो.

लेन्स फुल-फ्रेम (३५ मिमी फिल्मएवढा सेन्सर असलेल्या) कॅमेऱ्यावर २८ किंवा ३५ मिमी असावी. २४ मिमीपेक्षा रुंद लेन्सने कडेचे चेहरे ताणले जातात आणि खोली आहे त्याहून मोठी दिसते. ही दुसरी बाब मला अधिक गंभीर वाटते, कारण त्या खोलीत किती माणसे कशी सामावली हाच तर विषय आहे, आणि खोली जेवढी आहे तेवढीच दिसली पाहिजे. मोबाइलने काम करत असाल, तर याच कारणासाठी ०.५ची अतिरुंद लेन्स टाळावी आणि मुख्य कॅमेरा वापरून प्रकाशमापन स्थिर करून ठेवावे. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची असल्याने ट्यूबलाइटखाली शटर १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवावे; त्यापेक्षा जलद ठेवल्यास चित्रफितीत थरथर दिसते. चित्रीकरण सेकंदाला २५ फ्रेममध्ये करणे म्हणूनच सोयीचे.

माणसांइतकाच वेळ वस्तूंना द्यावा. पोटमाळ्यावरची ट्रंक, देव्हारा, मोरी, गादीखाली जपलेली पासबुके, मांडणीच्या वरच्या फळीवरचे गावाहून आलेल्या कोकमांचे डबे, हे सारे एकाच उंचीवरून, एकाच अंतरावरून, ट्रायपॉडवर टिपावे. पुढे गावच्या घरातल्या वस्तूही त्याच मापाने टिपल्या की दोन्ही घरे शेजारी ठेवता येतात आणि तुलना प्रेक्षक स्वतः करतो. मांडामांड करून खोली ‘जुनी’ भासवण्याचा मोह टाळावा. भिंतीवर मोठा टीव्ही असेल, तर तो चित्रात असलाच पाहिजे.

आवाज आणि चित्रपट

छायाचित्र आणि चित्रपट यांना एकच काम देऊ नये. चेहरा, वस्तू, जागा यांसाठी छायाचित्र पुरेसे असते. बोलणे, थांबणे, काम करणारे हात आणि दोन माणसांमधली शांतता यांसाठी चित्रपट लागतो. जे स्थिर चित्रात पूर्ण व्यक्त होते त्याचे पुन्हा चित्रीकरण केल्याने लघुपट लांबतो, खोल होत नाही.

नवशिक्यांचे बहुतेक लघुपट आवाजात पडतात, म्हणून खर्च करायचा तर आधी चांगल्या माइकवर करावा. मुलाखतीसाठी कॉलर माइक वापरावा आणि तो मंगळसूत्रापासून व पदराच्या घर्षणापासून दूर लावावा. मुद्रण ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटमध्ये करावे आणि मोठ्यात मोठा आवाज उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील अशी पातळी ठेवावी. पंखा आणि फ्रिज बंद करण्याची परवानगी घ्यावी. फ्रिज पुन्हा सुरू करायला विसरू नये म्हणून अनेक ध्वनिमुद्रक आपल्या गाडीची किल्ली फ्रिजमध्येच ठेवतात, आणि ती सवय खरोखर घेण्यासारखी आहे. मुलाखत संपल्यावर कोणी न बोलता त्या खोलीचा मिनिटभर आवाज वेगळा घ्यावा. संकलनात सांधे जुळवायला तो लागतोच, शिवाय शेजारचा कुकर, बोळातली मुले, खालचा भाजीवाला हे सगळे त्यात असते, आणि इमारत पाडली गेल्यावर तो आवाज दुसरीकडे कुठेही मिळणार नाही.

रेडिओ किंवा टीव्हीवर गाणे चालू असेल तर ते बंद करायला सांगावे. पार्श्वभूमीला आलेल्या गाण्याचेही हक्क लागतात आणि महोत्सवात किंवा इंटरनेटवर त्यामुळे अडचण येते.

प्रश्न विचारून झाल्यावर गप्प राहावे. वृद्ध कामगार संपाविषयी बोलताना थांबतात, तेव्हा पुढचा प्रश्न टाकण्याची घाई करू नये, आणि रडू आले तर कॅमेरा चालू ठेवायचा की नाही हे त्यांनाच विचारावे. प्रत्येक दृश्य निदान अर्धा मिनिट हलवाहलव न करता धरून ठेवावे.

गावाकडचा भाग

गावचे चित्रीकरण गणपतीत किंवा शिमग्यात करावे, ही सूचना सर्वजण देतात आणि ती बरोबरही आहे, कारण चाकरमानी तेव्हाच परततात. मात्र एक खेप सणाबाहेरही करावी, जेव्हा घराला कुलूप असते, खळ्यात गवत माजलेले असते आणि शेजारची एखादी वृद्ध बाई सांजेला तुळशीपुढे दिवा लावून जाते. आपलेपणाची किंमत कोण मोजते, हे त्या खेपेत कळते. प्रवासाचाही विचार करावा : कोकण रेल्वेचा मार्ग १९९८ मध्ये पूर्ण खुला झाला, त्याआधीची पिढी एसटीने आणि त्याही आधीची बोटीने जात असे, म्हणून प्रत्येक पिढीच्या आठवणीतली वाट निराळी असते. रेल्वे फलाटावर ट्रायपॉड लावून व्यावसायिक चित्रीकरण करायचे असल्यास रेल्वेची परवानगी लागते.

संकलन, उपशीर्षके, हक्क

संकलनाला बसण्याआधी सर्व मुलाखती शब्दशः लिहून काढाव्यात, आणि मालवणी बोलणे मालवणीतच लिहावे. प्रमाण मराठीत बदलून लिहिल्यास माणसाचा अर्धा पत्ता तिथेच पुसला जातो. उपशीर्षके एका वेळी दोन ओळींपेक्षा जास्त नसावीत. छायाचित्रे लघुपटात वापरताना त्यांच्यावर कॅमेरा सावकाश सरकवण्याची चाल आता फार झिजली आहे. चित्र स्थिर ठेवून त्यावर खोलीचा आवाज चालू द्यावा.

हक्कांबाबत दोन गोष्टी पक्क्या माहीत असाव्यात. २०१२ च्या दुरुस्तीनंतर भारतात छायाचित्राचा स्वामित्वहक्क छायाचित्रकाराच्या हयातीत आणि त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे राहतो. पण एखाद्याने मोबदला देऊन स्वतःसाठी छायाचित्र काढून घेतले असेल, तर वेगळा करार नसल्यास पहिला हक्क काढून घेणाऱ्याचा असतो. म्हणून आजोबांनी स्टुडिओत काढून घेतलेल्या जोडप्याच्या छायाचित्रासाठी प्रथम कुटुंबाचीच परवानगी लागते. वर्तमानपत्रातून घेतलेल्या संपाच्या छायाचित्रांना मात्र ही सवलत नाही.

दाखवणे

पहिले सादरीकरण त्या कुटुंबासमोर, त्यांच्याच खोलीत करावे, आणि एखादा भाग काढण्याची मागणी झाली तर तो काढावा. त्यानंतर चाळीच्या पटांगणात किंवा मंडळाच्या कार्यालयात दाखवावे, जिथे लोक चुका दाखवतात, नावे सुधारतात आणि स्वतःचे अल्बम घेऊन येतात. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव माहितीपट व लघुपटांसाठी आहे, बंगळुरूचे इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स कलाप्रकल्पांना अनुदान देते; अर्ज करताना विषयाची थोरवी न सांगता तुमच्याकडे कोणता दस्तऐवज आहे आणि कोणत्या घराशी तुमचे किती दिवसांचे नाते आहे, ते लिहावे. महापालिकेच्या सफाई कामगारांमध्ये प्रदीर्घ काळ काम करणारे छायाचित्रकार सुधारक ओलवे यांना २०१६ मध्ये पद्मश्री मिळाली. त्यांची छायाचित्रे पाहताना जाणवते की पुन्हा पुन्हा त्याच माणसांकडे जाण्याला पर्याय नाही.

कामाच्या तीन प्रती असाव्यात : दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर आणि तिसरी दुसऱ्या ठिकाणी किंवा क्लाउडवर. फाइलच्या नावात तारीख, ठिकाण आणि व्यक्तीची आद्याक्षरे घालावीत. कुटुंबाला पेन ड्राइव्हसोबत कागदावरच्या प्रतीही द्याव्यात, मागे पेन्सिलीने नावे लिहून, एक संच मुंबईच्या पत्त्यावर आणि एक गावच्या.